फाटकावर मी जे बोललो

अक्का,

तुझा तेरावा काल झाला. पापनाशमची मंडळी आज सकाळच्या बसनं परत गेली, भाड्याच्या खुर्च्या टेम्पोत चढल्या, आणि तुझी भावजय जानकी जेवून लगेच आडवी झाली. तिचं काही चुकलं नाही. तुझ्या आजारपणाच्या शेवटच्या तीन महिन्यांत या घरात कुणालाच सलग झोप मिळाली नाही. मी वर तुझ्या खोलीत येऊन बसलोय. दुपारचे तीन वाजलेत, पंखा फिरतोय, तुझा कॉम्प्युटर चालू आहे.

रडू येत नाही. नुसता थकवा आहे. तुझ्याशी भांडून आलेला थकवा आणि तुझी उशी-चादर करून आलेला थकवा, आता कुठला कुठला ते वेगळं काढता येत नाही.

हे तुला वाचता आलं नसतं. आपण घरी मराठी बोललो आणि शाळेत तमिळ लिहिलं. देवनागरी तुझ्या वाट्याला आलीच नाही. मी चार वर्षं पुण्याला शिकलो म्हणून मला येते. तमिळमध्ये लिहिलं असतं तर जानकीनं वाचलं असतं, पापनाशमच्या पुतण्यांनी वाचलं असतं. म्हणून मराठीत लिहितोय. आपलं बोलणंही थोडं सरळ करून लिहितो. जसंच्या तसं लिहिलं तर माझ्या पुण्याच्या मित्रांना अर्धं कळायचं नाही.

काल सगळे म्हणत होते, मोठी बाई होती, लंडनला सिनेमे काढायची. तू असतीस तर लगेच सुधारलं असतंस: लंडन नाही, लेस्टर. आणि सिनेमे नाहीत, माहितीपट. मी सुधारलं नाही. ताटं वाढायची होती.

दोन वर्षांपूर्वी तू कायमची परत आलीस तेव्हा चित्तिरैचं, म्हणजे एप्रिल-मेचं, ऊन पेटलं होतं. चार बॅगा होत्या, त्यातल्या तीन बॅगांत कॅमेरे आणि वायरी. तीस वर्षं तू तिकडच्या आपल्या लोकांवर चित्रपट केलेस. कुणाला नोकरी नाकारली, कुणाच्या दुकानाच्या काचा फोडल्या, कुणाच्या मुलीला वर्गात नावं ठेवली. आता तुला इथल्या आपल्यांवर करायचा होता. मराठ्यांच्या राज्याबरोबर तंजावूरला आलेले आणि राज्य गेल्यावरही इथंच राहिलेले आपण. तू म्हणालीस, "लेस्टरमध्ये मला रोज विचारायचे, तू कुठली? मी सांगायची, तंजावूर. मग मनात यायचं, तंजावूरला तरी आपण कुठले?"

मी नुकताच शाळेतून निवृत्त झालो होतो. तू माझ्या हातात काठीवरचा माइक दिलास.

"मला यातलं काही येत नाही," मी म्हणालो.

"तीस वर्षं फिजिक्स शिकवलंस ना? आवाज म्हणजे काय ते तुला ठाऊक आहे. आता फक्त गप्प बसायला शिक."

साठाव्या वर्षी मी गप्प बसायला शिकलो. प्रत्येक ठिकाणचं काम संपलं की तू अर्धं मिनिट कुणाला हलू द्यायची नाहीस आणि मी त्या जागेची शांतता रेकॉर्ड करायचो. मला तो खुळेपणा वाटायचा. मग तिरुवैयारुला कमलात्याच्या घरी हेडफोनमधून ऐकलं: लांबचा पंपसेट, शेजारचा कुकर, आणि आत्याचा श्वास. पन्नास वर्षं त्या घरी जातोय, आत्याला दम लागतो हे मला त्या दिवशी कळलं.

त्याच दिवशी तू आत्याला विचारलंस, "तू मराठी की तमिळ?"

ऐंशी वर्षांची आत्या. अजून सकाळी दोन शिष्यिणींना कर्नाटकी गाणं शिकवते. ती म्हणाली, "ते कोण विचारतंय त्यावर. लग्नाच्या पंगतीत मराठी, रेशनच्या रांगेत तमिळ."

"आणि गाताना?"

"गाताना तेलुगू."

तू इतकी हसलीस की कॅमेरा हलला. तो हललेला शॉट तू तसाच ठेवलास.

मग एके दिवशी तू मला पायरीवर बसवलंस आणि पुण्याचं सांगायला लावलंस. मी सांगितलं. वसतिगृहात मला अण्णा म्हणायचे. मी 'मज पाहिजे' म्हटलं, 'कोठें जातोस' म्हटलं की खोलीभर हसू. एका प्राध्यापकांनी विचारलं, मूळचा कुठला? मी म्हणालो, मराठी आहे सर. ते म्हणाले, हो, ते ठीक, पण मूळचा? आणि इथं परत आलो तर इथं आपण 'रायर', म्हणजे बाहेरून आलेले राव. नळावर भांडण झालं की कुणीतरी म्हणणारच, तुम्ही लोक घोड्यावर बसून वरून आलात. सांगता सांगता मी रडायला लागलो. तू कॅमेरा बंद केलास आणि माझ्या गुडघ्यावर हात ठेवलास. "छान बोललास, रघू."

ते दृश्य मी किती वेळा पाहिलं असेल. खोटं कशाला बोलू, मला ते आवडायचं. माझ्यावर अन्याय झाला होता आणि आता त्याला पुरावा होता.

त्यानंतर महिनाभरानं ती सकाळ आली.

तुला घरातून दिसणारं फाटक आणि रस्ता हवा होता. तू आतल्या तिण्णैवर, म्हणजे ओट्यावर, कॅमेरा लावला होतास; मी माइक घेऊन फाटकापाशी एका बाजूला, अर्धा तुझ्याकडे वळून, रस्त्याचा आवाज घेत होतो. फाटकावर वरची मागची खोली भाड्यानं देण्याची पाटी होती. आपण दोघं आपल्या मराठीत काहीतरी बोलत होतो. मला वाटतं, सावली सरकतेय म्हणून तू चिडली होतीस. तेवढ्यात एक माणूस फाटकापाशी आला. चाळिशी उलटलेला, सडपातळ, अंगात निळ्या चौकड्यांचा शर्ट. रस्त्यापलीकडे त्याची बायको एक बॅग आणि एक बादली घेऊन उन्हात उभी होती. त्यानं आपलं बोलणं ऐकलं असावं. ते त्याला हिंदीच्या जवळचं वाटलं असावं. त्याचा चेहरा एकदम उजळला आणि त्यानं विचारलं, "आप लोग भी उधर के हो क्या?"

अक्का, तुला मी नंतर हजार कारणं सांगितली. खरं कारण हे एवढंच होतं. तो प्रश्न.

मी तमिळमध्ये म्हणालो, "आम्ही इथले. तीनशे वर्षांपासून इथले."

तो गोंधळला. मग तोडक्या तमिळमध्ये म्हणाला की तो हॉटेलात परोटे करतो, पश्चिम बंगालचा आहे, नवराबायको दोघंच आहेत, पाटी पाहिली म्हणून आलो.

"खोली गेली."

त्यानं पाटीकडे पाहिलं. ते पाहणं मला सहन झालं नाही. मी म्हणालो, "तुमच्या लोकांना देत नाही. एका वडक्कनला खोली दिली की महिन्याभरात दहा होतात. भिंती थुंकून लाल करता, नळावर भांडता. जा, दुसरीकडे बघ."

वडक्कन. उत्तरेकडचा. शब्द साधा आहे, पण तो कसा म्हणायचा हे इथं सगळ्यांना माहीत आहे, आणि मी तसाच म्हणालो. वयानं तो माझ्या जुन्या विद्यार्थ्यांएवढा, संसार असलेला माणूस. त्याला मी 'तू' म्हणालो.

तो म्हणाला, "सरि, सार." बरं, साहेब. फाटक त्यानं उघडलं नव्हतंच, पण कडी थोडी सुटली होती ती नीट बसवली आणि रस्ता ओलांडून गेला. बायकोनं बादली उचलली.

मी माइक उचलून म्हणालो, "चल, सावली जाईल."

दुसऱ्या दिवशी तू मला वर बोलावलंस, हेडफोन दिलास आणि म्हणालीस, "ऐक." मला वाटलं तांत्रिक काही चुकलं असेल. काही चुकलं नव्हतं. इतका स्वच्छ आवाज मी त्याआधी कधी घेतला नव्हता. माइक माझ्याच हातात होता.

"हे काढून टाक," मी म्हणालो.

"नाही."

"तू माझ्यासाठी सापळा लावलास."

"मी काही लावलं नाही, रघू. कॅमेरा चालू होता, तो बंद केला नाही."

"मी तुझा भाऊ आहे."

"म्हणूनच," तू म्हणालीस. "परक्याचं असतं तर मी तिथल्या तिथे पुसलं असतं. परक्याला नागडं करणं सोपं असतं. मी तीस वर्षं तेच केलं."

मी माइक ठेवला आणि खाली आलो. पाच आठवडे वर चढलो नाही. जानकी आपल्या दोघांची ताटं वेगवेगळ्या वेळी वाढायची. एकदा तिनं मला विचारलं, "असं काय बोललात तुम्ही?" मी सांगितलं. ती भाजी चिरता चिरता म्हणाली, "गेल्या वर्षी दुसऱ्या एकाला तुम्ही हेच सांगितलंत. तेव्हा मी पण आतून हो म्हटलं होतं." मला तो दुसरा आठवेना.

पाच आठवड्यांनी तूच खाली आलीस आणि मला लेस्टरच्या दाराची गोष्ट सांगितलीस. तीस वर्षांत घरी कुणालाच सांगितली नव्हतीस. तू तिकडे गेल्यावर पहिल्या आठवड्यात फोनवर खोली ठरवली होतीस. तुझं इंग्रजी ऐकून बाई ये म्हणाली. तू दार वाजवलंस, बाईनं तुला पाहिलं आणि म्हणाली, खोली गेली गं आत्ताच. खिडकीत पाटी तशीच. तू पावसात दोन बॅगा घेऊन परत निघालीस. आई-अप्पांना पत्र लिहिलंस की खोली छान आहे, खिडकीतून झाड दिसतं.

"वीस वर्षांनी कॅमेरा घेऊन मी तिच्याकडे गेले," तू म्हणालीस. "म्हातारी झाली होती. चहा दिला, बिस्किटं दिली. मी तिला तो दिवस सांगितला. म्हणाली, मी तसली बाई नाही."

"मी पण ती बाई नाही, अक्का."

मला कळलं मी काय म्हणालो ते, पण मागे घ्यायला जीभ वळेना.

त्यानंतर आपण पुन्हा कामाला लागलो, पण तो विषय प्रत्येक जेवणात पाटावर बसलेला असायचा. मी म्हणायचो, या गावात त्यांच्याबद्दल याहून वाईट बोलणारे शेकडो आहेत, मलाच का? तू म्हणायचीस, कारण त्यांच्यापैकी कुणी पायरीवर बसून पुण्याच्या नावानं रडलं नाही. मी म्हणायचो, माझे विद्यार्थी बघतील. तू म्हणायचीस, बघू देत. एकदा मी इतका चिडलो की म्हणालो, तुला मूलबाळ नाही म्हणून तुला लाज काय असते ते कळत नाही. तू पाण्याचा पेला खाली ठेवलास आणि जेवण पुरं केलंस. त्याची माफी मी मागितली नाही. आज मागतो. उशीर झाला हे मला कळतं.

मग तुझा खोकला आला, आणि तपासण्या, आणि डॉक्टरांचं ते हळू आवाजात बोलणं. मला वाटलं आता तरी वाद थांबेल. तू थांबवलास थोडाच. तू दोन आवृत्त्या केल्यास. एकीचं नाव 'फाटक', दुसरीचं 'फाटक नाही'. तुझ्या लेस्टरच्या सोबतिणीला, हेलनला, कळवलंस की पुढचं काम तिनं पुरं करायचं, आणि कुठली आवृत्ती ते रघू सांगेल. मी म्हणालो, हे माझ्यावर का टाकतेस? तू म्हणालीस, "आवाज तुझा आहे." मला राग आला. मरणाऱ्या माणसानं असं ओझं ठेवून जाऊ नये असं वाटलं. अजूनही थोडं वाटतं.

जायच्या आठ दिवस आधीची ती सकाळ. मी तुला कांजी, म्हणजे भाताची पेज, भरवत होतो. तीन चमचे झाल्यावर तू हातानं थांबवलंस आणि म्हणालीस, "रघू, मी पण फाटक उघडलं नाही."

"काय?"

"तो माणूस उभा होता. मला सगळं ऐकू येत होतं. मी उठून फाटकापाशी गेले असते तर तुझ्या तोंडाचा पट्टा थांबला असता. खोली माझीही होती. पण फ्रेम चांगली होती. ऊन बरोबर पडलं होतं. म्हणून मी बसून राहिले." दम लागला तशी थांबलीस. मग म्हणालीस, "तू पाच मिनिटं वाईट वागलास. मी पाच मिनिटं बघत बसले. आणि तो निघून गेला. हे लोकांना दाखवायचं का, ते त्याला आपण दोघांनीही विचारलं नाही."

मी काय म्हणालो आठवतं? म्हणालो, "बोलू नकोस, दम लागतो. अजून दोन चमचे घे." एवढंच. तू आयुष्यात पहिल्यांदा माझ्यासमोर हरली होतीस आणि मी तुला कांजी भरवत होतो. मला म्हणायचं होतं की अक्का, तुझ्यामुळे मी ऐकायला शिकलो. मला म्हणायचं होतं की तू नसतीस तर मी मरेपर्यंत तो पायरीवरचा गरीब बिचारा रघू राहिलो असतो. पण मी थकलो होतो. वाडगा धुवायचा होता.

परवा हेलनचा निरोप आला. तुझ्याबद्दल चार चांगल्या ओळी आणि मग: कुठली आवृत्ती? फार घाई नाही, पण कळवा.

काल पंगत उठल्यावर मी कॉम्प्युटरमधून तो भाग फोनवर घेतला आणि निघालो. जानकीनं विचारलं कुठं, मी म्हणालो, अक्काचं एक काम राहिलंय. तिसऱ्या हॉटेलात तो सापडला. त्याचं नाव सनातन. दुपारचं गिऱ्हाईक उरकलं होतं आणि तो मागच्या बाजूला संध्याकाळच्या परोट्याचं पीठ मळत होता. तमिळ आता त्याचं बरंच सुधारलंय.

मी सांगितलं, मी अमक्या रस्त्यावरचा, तुम्ही खोली बघायला आला होतात, मी वाईट बोललो.

त्यानं आठवून पाहिलं. "आठवत नाही, सार. त्या दिवशी पुष्कळ घरं केली."

अक्का, इतका वेळ मी भीत होतो की तो मला ओळखेल. मी त्या पुष्कळांतला एक होतो.

मी त्याला फोन दाखवला. हात पिठात होते म्हणून मीच धरला. त्यानं आधी स्वतःचा शर्ट ओळखला. "हा फाटला आता," म्हणाला. मग सगळं पाहिलं, एकदा संपल्यावर म्हणाला, परत लावा. पुन्हा पाहिलं. मी सांगितलं की माझ्या बहिणीनं हे चित्र केलंय, ती वारली, हे लोकांना दाखवायचं की नाही ते तुम्ही सांगा, तुम्ही नको म्हणालात तर मी पुसून टाकतो. हे म्हणताना माझ्या मनात होतं की यानं नको म्हणावं. तुझ्यापासून काय लपवायचं.

तो पिठावर पाणी शिंपडत बसला. मग म्हणाला, "माझं राहू द्या. मी काही वाईट बोललो नाही."

"नाही बोललात."

"पण बायकोला काढा."

ती तर लांब, रस्त्यापलीकडे आहे, मी म्हणालो, चेहराही नीट दिसत नाही.

"बादली दिसते," तो म्हणाला. "तिच्या आईला आम्ही सांगितलंय की इथं पहिल्याच दिवशी घर मिळालं."

त्यानं एका मुलीला हाक मारून माझ्यासाठी चहा मागवला. मी तमिळमध्ये माफी मागितली, तुम्ही म्हणून. त्यानं मान हलवली. होही नाही, नाहीही नाही. मग मी म्हणालो की ती खोली रिकामी आहे, तुम्हाला हवी तर या.

"आता नको, सार. आम्ही रेल्वे फाटकापलीकडे राहतो. तिथं पाणी चांगलं आहे."

मी चहा संपवला. तो पुन्हा मळायला लागला. त्याला कामं होती.

सकाळी मंडळी गेल्यापासून इथं बसून मी तुझ्या कॉम्प्युटरशी झटतोय. तू शिकवलंस तेवढंच मला येतं, त्यातलंही निम्मं विसरलो. दोनदा सगळा भाग उडाला, परत आणला. बायकोला काढायचं तर चित्र आत ओढावं लागतं, म्हणजे कडा कापल्या जातात. तसं केलं. बाई गेली, बादली गेली, रस्ता गेला, समोरच्या घराची भिंत गेली. तुझं ते बरोबर पडलेलं ऊनही बरंचसं गेलं. तुला आवडलं नसतं. हेलनला 'फाटक' पाठवलंय.

चित्र आत ओढलं की राहिलेली माणसं मोठी होतात, हे तू मला सांगितलं नव्हतंस. आधी मी कोपऱ्यात, माइकची काठी धरलेला, लहानसा होतो. आता मधोमध आहे. बोलताना माझं तोंड स्पष्ट दिसतं.